लंडनमध्ये ‘वेस्ट इंडियन’ कसे घडले? कॅरिबियन स्थलांतरित आणि महानगराचे कला-विचारविश्व

शब्दयात्री

वेस्ट इंडीज हे नाव आपल्यापैकी बहुतेकांच्या कानावर पहिल्यांदा पडले ते क्रिकेटमुळे. तो एक देश नसून बार्बाडोस, जमैका, त्रिनिदाद, गयाना असे वेगवेगळे प्रदेश एका संघात खेळतात, हे कळायला मध्ये बरीच वर्षे गेली. अलीकडे मी सी. एल. आर. जेम्स यांचे ‘बियाँड अ बाउंडरी’ आणि सॅम सेल्वन यांची ‘द लोनली लंडनर्स’ ही पुस्तके लागोपाठ वाचली. दोन्ही लेखक त्रिनिदादचे आणि दोन्ही पुस्तके लंडनमध्ये प्रसिद्ध झालेली. त्यांच्याविषयी वाचताना जॉर्ज लॅमिंग, व्ही. एस. नायपॉल, स्टुअर्ट हॉल अशी नावे एकामागोमाग एक येत गेली, आणि ही सगळी मंडळी एकाच शहराच्या आगेमागे वावरत होती हे लक्षात आल्यावर थोडे चकित व्हायला झाले.

माझा प्रश्न असा आहे. १९३० ते १९८० या अर्धशतकात इतक्या लहान बेटांवरून आलेल्या इतक्या थोड्या माणसांनी लंडनच्या साहित्यात, चित्रकलेत, संगीतात आणि राजकीय विचारात एवढी जागा कशी व्यापली? ही माणसे कोठेही गेली असती तरी चमकली असती, की लंडनमध्ये असे काही होते ज्यामुळे ती घडली? दुसरा प्रश्न याहून अवघड आहे. ‘प्रभाव’ हा शब्द आपण फार सैलपणे वापरतो. एखाद्या शहरात राहून उत्तम पुस्तक लिहिणे म्हणजे त्या शहरावर प्रभाव टाकणे नव्हे. लंडन या माणसांमुळे खरोखर बदलले का, आणि बदलले असेल तर ते नेमके कोठे दिसते? जाणकारांनी सविस्तर लिहावे, ही विनंती.

अनुबंध

शब्दयात्री, तुमचा दुसरा प्रश्न अधिक महत्त्वाचा आहे, पण त्याच्या उत्तराची वाट पहिल्यातून जाते, म्हणून तेथून सुरुवात करतो.

बहुतेक लेखक ही कथा १९४८ साली कॅरिबियन स्थलांतरितांना घेऊन लंडनजवळच्या टिलबरी बंदराला लागलेल्या ‘एम्पायर विंड्रश’ या जहाजापासून सुरू करतात. ते सोयीचे असले तरी पुरेसे नाही. हेन्री सिल्व्हेस्टर विल्यम्स या त्रिनिदादच्या माणसाने १९०० सालीच वेस्टमिन्स्टरमध्ये आफ्रिकी वंशाच्या लोकांची परिषद भरवली होती. जमैकाहून वैद्यकीय शिक्षणासाठी आलेल्या हॅरल्ड मूडी यांना वर्णामुळे रुग्णालयात नोकरी नाकारली गेली, तेव्हा त्यांनी पेकममध्ये स्वतःचा दवाखाना थाटला आणि १९३१ साली ‘लीग ऑफ कलर्ड पीपल्स’ ही संघटना काढली. खोली भाड्याने मिळत नसलेल्या कित्येकांना त्यांच्या घराचा आधार होता. १९३२ साली जमैकाची तरुण कवयित्री उना मार्सन लंडनला आली ती याच घरी उतरली, आणि त्याच वर्षी जेम्सही इंग्लंडला पोहोचले. जेम्स यांना बोलावून घेणारे होते क्रिकेटपटू लिअरी कॉन्स्टंटाइन. १९३६ साली हैतीच्या क्रांतीवरील जेम्स यांचे नाटक लंडनमध्ये रंगमंचावर आले आणि त्यात प्रमुख भूमिका अमेरिकेचे कृष्णवर्णीय नट-गायक पॉल रोब्सन यांनी केली. पुढे १९३८ साली त्याच विषयावरचा त्यांचा ‘द ब्लॅक जॅकोबिन्स’ हा इतिहासग्रंथ प्रसिद्ध झाला. जेम्स यांचे बालमित्र जॉर्ज पॅडमोर हेही तोवर लंडनला येऊन राहिले होते, आणि त्यांच्या घरातील स्वयंपाकघराच्या टेबलाभोवती आफ्रिकेतील वसाहतींचे भावी नेते चर्चेला बसत. विंड्रशच्या आधीची ही पिढी संख्येने अगदी लहान होती, पण साम्राज्याच्या राजधानीत बसून साम्राज्याच्या अंताचा विचार करणे तिने शक्य करून दाखवले.

ही माणसे लंडनलाच का आली, याचे उत्तर वसाहतीच्या शाळेत सापडते. जेम्स यांनी लहानपणी थॅकरेची ‘व्हॅनिटी फेअर’ ही कादंबरी इतक्या वेळा वाचली होती, की लंडन त्यांना पुस्तकांतून जवळजवळ पाठ होते. दुसरे कारण साधे आणि व्यावहारिक होते. बेटांवर लेखक होते, मासिके होती, पण कादंबरी छापून ती वाचकांपर्यंत पोहोचवणारा मोठा प्रकाशक नव्हता. पुस्तक काढायचे तर लंडन गाठणे भाग होते.

आता ज्या एका गोष्टीविषयी मला थोडे रेंगाळायचे आहे ती म्हणजे रेडिओ. दुसऱ्या महायुद्धात बीबीसी वेस्ट इंडीजच्या सैनिकांसाठी कार्यक्रम करीत असे आणि उना मार्सन त्यात काम करीत होत्या. १९४३ साली त्यांनी त्यातूनच ‘कॅरिबियन व्हॉइसेस’ हा साहित्यिक कार्यक्रम उभा केला. त्या जमैकाला परतल्यानंतर हेन्री स्वान्झी या आयरिश निर्मात्याने १९४६ ते १९५४ या काळात तो सांभाळला, आणि १९५८ साली तो बंद झाला. कार्यक्रमाची रचना पाहण्यासारखी आहे. बेटांवरचे नवोदित लेखक आपली हस्तलिखिते किंग्स्टनमध्ये ग्लॅडिस लिंडो यांच्याकडे पाठवीत. त्यांनी निवडलेले साहित्य लंडनला जाई. तेथे स्थलांतरित लेखक आणि नट ते स्टुडिओत वाचत, आणि लघुलहरींवरून ते आवाज पुन्हा समुद्र ओलांडून कॅरिबियनमध्ये ऐकू येत. सेंट ल्युशियाच्या डेरेक वॉलकॉट यांची कविता बार्बाडोसच्या श्रोत्यापर्यंत पोहोचली ती लंडनमार्गे. शेजारच्या बेटावर काय लिहिले जात आहे हे कळण्यासाठी हजारो मैलांचा वळसा घ्यावा लागणे ही वसाहतवादाची एक चमत्कारिक देणगी म्हटली पाहिजे.

या कार्यक्रमाने लेखकांना मानधन दिले आणि लंडनमधल्या लेखकांना दुसऱ्यांचे लेखन वाचण्याचे कामही दिले. घरभाडे त्यातून निघत असे. नायपॉल १९५४ पासून काही काळ या कार्यक्रमाचे संपादक होते. बीबीसीच्या मुक्त लेखकांसाठी राखलेल्या खोलीत, वाचताना सळसळू नये म्हणून बनवलेल्या खास कागदावर, त्यांनी ‘मिगेल स्ट्रीट’ची पहिली गोष्ट टंकलिखित केली, असे त्यांनी स्वतःच नमूद केले आहे.

बार्बाडोसचे कादंबरीकार लॅमिंग यांनी १९६० साली ‘द प्लेझर्स ऑफ एक्झाइल’मध्ये जे म्हटले त्यात तुमच्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर आहे. त्यांच्या मते बार्बाडोसचा, त्रिनिदादचा किंवा सेंट ल्युशियाचा कोणताही माणूस परक्या भूमीवर दुसऱ्या बेटवासीयाला भेटेपर्यंत स्वतःला वेस्ट इंडियन समजत नाही. थोडक्यात, तुम्ही ज्याला ‘वेस्ट इंडीज’ म्हणून क्रिकेटमधून ओळखता, ते साहित्यात आणि विचारात बऱ्याच अंशी लंडनच्या भाड्याच्या खोल्यांमध्ये जन्मले. माणसे गुणी होतीच, पण ती एकमेकांना भेटली हे अधिक निर्णायक ठरले.

मेघमल्हार

अनुबंध यांचा प्रतिसाद माहितीपूर्ण आहे, तरीही एक तक्रार नोंदवते. हा सगळा इतिहास पुस्तकांचा आणि महाविद्यालयीन शिक्षण घेतलेल्या पुरुषांचा होऊन बसतो. उना मार्सन आल्या आणि निघून गेल्या, पुढे पुन्हा पुरुषच. शहर बदलले का, हा प्रश्न असेल तर ज्यांनी एकही पुस्तक लिहिले नाही त्यांच्याकडेही पाहावे लागेल. १९५१ साली ब्रिटनमध्ये कॅरिबियनमध्ये जन्मलेले लोक जेमतेम १५ हजारांच्या आसपास होते, आणि १९६१ पर्यंत तो आकडा १,७०,००० च्या आसपास गेला. लंडनच्या परिवहन संस्थेने १९५६ पासून थेट बार्बाडोसला जाऊन बस व रेल्वेसाठी माणसे भरती केली. रुग्णालयांत परिचारिका आल्या. लंडनचा आवाज बदलला तो या लोकांमुळे, आणि तो मी शब्दशः ‘आवाज’ म्हणते आहे.

विंड्रशवर लॉर्ड किचनर आणि लॉर्ड बिगिनर हे त्रिनिदादचे दोन नामवंत कॅलिप्सो गायक होते. बंदरात उतरताना वृत्तपटाच्या कॅमेऱ्यासमोर किचनर यांनी लंडनची स्तुती करणारे नवे गाणे म्हटले, ते आजही सगळीकडे दाखवले जाते. (त्याच किचनर यांनी नंतर घरमालकिणी, थंडी आणि भुयारी रेल्वे यांवर जी गाणी रचली ती मात्र फारशी दाखवत नाहीत.) दोन वर्षांनी, जून १९५० मध्ये, वेस्ट इंडीजने लॉर्ड्सवर इंग्लंडला ३२६ धावांनी हरवले. इंग्लंडच्या भूमीवरचा तो त्यांचा पहिलाच कसोटी विजय, आणि रामाधीन व व्हॅलेंटाइन या दोन कोवळ्या फिरकी गोलंदाजांनी तो मिळवून दिला. सामना संपताच किचनर गिटार घेऊन मैदानात उतरले आणि गाणाऱ्या प्रेक्षकांचा जथा त्यांच्यामागून निघाला. बिगिनर यांनी त्या विजयावर रचलेले कॅलिप्सो लगेच ध्वनिमुद्रित झाले. कॅलिप्सो हे मुळात गाण्यातले वृत्तपत्र असते. कालची घटना आज गाण्यात येते, त्यात टोमणा असतो, नावे घेतली जातात. लॉर्ड्ससारख्या ठिकाणी हा प्रकार घडणे ही त्या शहरासाठी नवीच गोष्ट होती. पुढच्याच वर्षी, १९५१ च्या ‘फेस्टिव्हल ऑफ ब्रिटन’साठी त्रिनिदादहून स्टीलबँड आला. तेलाच्या पिंपांतून सूर निघतात हे लंडनकरांनी थेम्सच्या काठावर प्रत्यक्ष ऐकले, आणि त्या वादकांपैकी स्टर्लिंग बेटनकोर्ट तर लंडनलाच राहिले.

क्लॉडिया जोन्स यांच्याविषयी थोडे अधिक लिहिते, कारण ‘कला आणि विचार’ हे दोन शब्द एकत्र कसे येतात हे त्यांच्याइतके स्पष्टपणे कोणीच दाखवले नाही. जन्म त्रिनिदादचा, वाढल्या न्यूयॉर्कच्या हार्लेममध्ये, कम्युनिस्ट कार्यकर्त्या म्हणून अमेरिकेत तुरुंगवास भोगला, आणि १९५५ च्या डिसेंबरमध्ये तेथून हद्दपार होऊन लंडनला आल्या. १९५८ साली ब्रिक्स्टनमध्ये एका केशकर्तनालयाच्या वरच्या मजल्यावर त्यांनी ‘वेस्ट इंडियन गॅझेट’ हे वृत्तपत्र सुरू केले. त्याच वर्षी ऑगस्टअखेरीस नॉटिंग हिलमध्ये गोऱ्या तरुणांच्या जमावांनी कृष्णवर्णीयांच्या घरांवर हल्ले केले. जोन्स यांचे उत्तर अनपेक्षित होते. त्यांनी कार्निव्हल, म्हणजे वेशभूषा, संगीत आणि नृत्य यांचा त्रिनिदादी धर्तीचा उत्सव भरवला. ३० जानेवारी १९५९ रोजी, भर हिवाळ्यात, सेंट पँक्रसच्या नगरसभागृहात तो पार पडला आणि बीबीसीने तो दूरचित्रवाणीवर दाखवला. उत्पन्नाचा काही भाग दंगलीनंतर शिक्षा झालेल्या तरुणांचे दंड भरण्यासाठी वापरला गेला. लोकांची कला हीच त्यांच्या मुक्तीची सुरुवात असते, अशा आशयाचे वाक्य त्या कार्यक्रमाच्या स्मरणिकेवर होते. आता दरवर्षी ऑगस्टअखेर नॉटिंग हिलच्या रस्त्यांवर लाखो लोक जमतात. शब्दयात्री, तुम्हाला ‘नेमके कोठे दिसते’ याचे उत्तर हवे असेल तर दोन दिवस रहदारीला बंद झालेले ते रस्ते पाहावेत.

त्यानंतर ‘साउंड सिस्टीम’ आल्या. नाचगाण्याच्या क्लबांमध्ये कृष्णवर्णीयांना दारातूनच परत पाठवले जाई, म्हणून तळघरांत आणि रिकाम्या घरांत प्रचंड ध्वनिक्षेपक रचून रात्रभराच्या मैफली होऊ लागल्या. १९७० च्या दशकात दक्षिण लंडनमध्ये ‘लव्हर्स रॉक’ ही रेगे या जमैकन संगीतप्रकाराची हळवी, प्रेमगीतांची शाखा जन्मली. ती जमैकाहून आलेली नव्हती, लंडनमध्ये वाढलेल्या मुलींच्या आवाजात ती घडली. आणि भाषा! आज लंडनच्या तरुणांची जी बोली भाषाशास्त्रज्ञ ‘बहुसांस्कृतिक लंडन इंग्रजी’ या नावाने अभ्यासतात, तिच्यातील शब्दांत आणि लयीत जमैकन क्रिओलचा, म्हणजे जमैकात इंग्रजीपासून घडलेल्या बोलीचा, वाटा मोठा आहे. ती बोलणाऱ्या कित्येक मुलांच्या घराण्यांचा कॅरिबियनशी काहीही संबंध नाही. प्रभाव म्हणतात तो हाच, असे माझे मत आहे.

तळटीप

चर्चा उत्तम चालली आहे, म्हणून फक्त काही दुरुस्त्या.

गयाना हे बेट नव्हे. ते दक्षिण अमेरिकेच्या मुख्य भूमीवर आहे, मात्र इतिहासाने आणि क्रिकेटने कॅरिबियनशी जोडलेले आहे. त्यामुळे ‘बेटांवरून आलेली माणसे’ असे सरसकट म्हणताना थोडी सावधगिरी बाळगावी.

नॉटिंग हिलचा आजचा रस्त्यावरचा उत्सव सरळ १९५९ च्या सभागृहातील कार्निव्हलमधून निघाला असे म्हणता येणार नाही. जोन्स यांचे १९६४ च्या डिसेंबरमध्ये निधन झाले. रस्त्यावरचा उत्सव १९६६ साली रॉन लॅस्लेट या समाजसेविकेच्या पुढाकाराने मुलांच्या जत्रेच्या रूपात सुरू झाला, आणि रसेल हेंडरसन यांचा स्टीलबँड सभोवतालच्या रस्त्यांवरून वाजवत निघाल्यावर त्याला कार्निव्हलचे रूप आले. दोन्ही धारा मानाव्यात, एकीचे श्रेय दुसरीला देऊ नये.

विंड्रशच्या प्रवाशांचा ४९२ हा आकडा सर्वत्र छापला जातो, म्हणून येथेही कोणी तो देण्यापूर्वीच सांगतो. जहाजावर हजाराहून अधिक प्रवासी होते आणि त्यांपैकी सुमारे ८०० जणांनी आपले शेवटचे वास्तव्य कॅरिबियनमध्ये असल्याचे नोंदवले होते.

शब्दयात्री

आपणा तिघांचेही आभार, आणि बेटांविषयीची चूक मान्य आहे. तरी एक शंका उरते. मेघमल्हार यांनी दाखवलेला प्रभाव रस्त्यावर दिसतो, अनुबंध यांनी सांगितलेला रेडिओवर ऐकू येतो. पण संग्रहालये, विद्यापीठे, प्रकाशनसंस्था, म्हणजे जेथे ‘कला’ आणि ‘विचार’ कशाला म्हणायचे हे ठरते, त्या ठिकाणी दारे उघडली का? आणि उघडली नसतील, तर या मंडळींनी काय केले?

दक्षिणायन

या प्रश्नाचे प्रामाणिक उत्तर असे, की दारे थोडी किलकिली झाली, पुष्कळदा पुन्हा बंद झाली, आणि मग लोकांनी स्वतःची घरे बांधली. मला या घरबांधणीचा इतिहास सर्वांत मोलाचा वाटतो.

१९५० च्या दशकात लंडनच्या प्रकाशकांना कॅरिबियन कादंबरीचे अप्रूप होते. १९६० च्या दशकात ते ओसरू लागले. बेरिल गिलरॉय यांचेच पाहा. गयानाहून आलेल्या या प्रशिक्षित शिक्षिकेला सुरुवातीला शाळेत नोकरी मिळाली नाही, पुढे त्या लंडनमधील एका प्राथमिक शाळेच्या मुख्याध्यापिका झाल्या, पण त्यांची पहिली कादंबरी प्रसिद्ध व्हायला १९८६ साल उजाडावे लागले. (अटलांटिकच्या दोन्ही किनाऱ्यांना जोडणाऱ्या कृष्णवर्णीय संस्कृतीचा सिद्धांत मांडणारे पॉल गिलरॉय हे त्यांचे चिरंजीव.) मेघमल्हार यांच्या तक्रारीत तथ्य आहे ते असे. स्त्रिया लिहीत होत्याच, छापणारा मिळत नव्हता.

१९६६ साली दोन गोष्टी घडल्या. त्रिनिदादचे कवी आणि कामगार कार्यकर्ते जॉन ला रोझ यांनी सारा व्हाइट यांच्यासह ‘न्यू बीकन बुक्स’ ही प्रकाशनसंस्था घरातूनच सुरू केली. नाव घेतले ते १९३० च्या दशकातील ‘बीकन’ या त्रिनिदादच्या नियतकालिकावरून. त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये बार्बाडोसचे कवी-इतिहासकार कमाऊ ब्रॅथवेट यांच्या ब्लूम्सबरीतील तळघरातल्या घरी काही मंडळी जमली आणि ‘कॅरिबियन आर्टिस्ट्स मूव्हमेंट’ उभी राहिली. ब्रॅथवेट, ला रोझ आणि अँड्र्यू सॅल्की हे तिचे तीन संस्थापक. चळवळ १९७२ पर्यंत, म्हणजे पुरती सहा वर्षेही टिकली नाही, पण तिच्या बैठकांना कोण येत होते हे पाहिले तर थक्क व्हायला होते. कवी आणि कादंबरीकार होतेच. शिवाय गयानाचे चित्रकार ऑब्री विल्यम्स होते, जमैकाचे शिल्पकार रोनाल्ड मूडी होते (वर उल्लेख आलेल्या डॉ. मूडींचे बंधू), आणि त्रिनिदादच्या अल्थिया मॅक्निश होत्या, ज्यांच्या रंगांनी उजळलेल्या कापडाने युद्धोत्तर इंग्लंडच्या घरांतील करडेपणा थोडा तरी हटवला. अर्ल्स कोर्टच्या वेस्ट इंडियन विद्यार्थी केंद्रात सभा होत. चित्रकाराच्या कामावर कवी बोले, कादंबरीवर समाजशास्त्रज्ञ वाद घाली. स्वतंत्र कप्प्यांत काम करणाऱ्या कलांना एका खोलीत बसवणे हे त्या चळवळीचे खरे काम होते, आणि तसे करणारे अन्य व्यासपीठ त्यांच्यासाठी शहरात नव्हते.

न्यू बीकनने विस्मृतीत गेलेली जुनी पुस्तके पुन्हा छापली. एकोणिसाव्या शतकात त्रिनिदादच्या जे. जे. थॉमस या शिक्षकाने एका प्रतिष्ठित इंग्रज इतिहासकाराच्या वंशवादी विधानांची चिरफाड करणारे पुस्तक लिहिले होते. ते १९६९ साली जेम्स यांच्या प्रस्तावनेसह पुन्हा बाहेर आले. त्याच सुमारास जेसिका आणि एरिक हंटली या गयानाच्या दांपत्याने ‘बोगल-लुव्हर्तूर’ ही दुसरी संस्था काढली. इतिहासकार वॉल्टर रॉडनी यांना १९६८ साली जमैका सरकारने प्रवेशबंदी केली, आणि त्यांची तेथील भाषणे लंडनमध्ये पुस्तकरूपाने छापणे हे या संस्थेचे पहिले काम होते. या दांपत्याच्या ईलिंगमधील दुकानावर वंशवाद्यांचे हल्ले झाले तरी ते चालू राहिले.

या प्रकाशनांचा परिणाम केवळ साहित्यापुरता नव्हता. १९७१ साली न्यू बीकनने ग्रेनाडाच्या बर्नार्ड कोर्ड यांची एक छोटी पुस्तिका छापली. वेस्ट इंडियन मुलांना मोठ्या प्रमाणात ‘मंदबुद्धी’ ठरवून वेगळ्या शाळांत कसे ढकलले जाते, त्यासाठी वापरल्या जाणाऱ्या चाचण्या इंग्रजी संस्कृतीच्या गृहीतांवर कशा बेतलेल्या आहेत आणि शिक्षकांच्या अपेक्षाच मुलाला कशा घडवतात किंवा मोडतात, हे तिने पालकांना समजेल अशा भाषेत मांडले. त्यातून पालकांच्या शनिवारच्या पूरक शाळांना बळ मिळाले. कवितेचे प्रकाशक आणि शाळा चालवणारे लोक एकच असणे, हे त्या पिढीचे वैशिष्ट्य मला वाटते. ला रोझ यांनी स्वतः अशी शाळा सुरू केली होती. १९८१ च्या जानेवारीत न्यू क्रॉस येथे वाढदिवसाच्या समारंभात लागलेल्या आगीत १३ तरुण दगावले, तेव्हा स्थापन झालेल्या कृती समितीचे अध्यक्षही तेच होते. २ मार्च रोजी कामाच्या दिवशी हजारो लोक मोर्चाने लंडनच्या मध्यभागातून चालत गेले. लिंटन क्वेसी जॉन्सन यांनी त्या आगीवर जमैकन क्रिओलमध्ये लिहिलेली दीर्घ कविता आणि तो मोर्चा यांना वेगळे काढता येत नाही. जॉन्सन ११ वर्षांचे असताना जमैकाहून ब्रिक्स्टनला आले होते. २००२ साली पेंग्विनच्या आधुनिक अभिजात मालिकेत त्यांच्या कविता आल्या, आणि त्या मालिकेत स्थान मिळालेले ते पहिले कृष्णवर्णीय कवी ठरले. पोलिसांच्या लाठीविषयी ‘अशुद्ध’ भाषेत लिहिणारा कवी अभिजात ठरायला जवळजवळ ३० वर्षे लागली.

विद्यापीठांबाबत स्टुअर्ट हॉल यांचे नाव तुम्ही घेतलेच आहे. किंग्स्टनहून १९५१ साली शिष्यवृत्तीवर ऑक्सफर्डला आलेले हॉल लंडनमध्ये काही काळ शाळेत शिकवत होते. १९६० साली ते ‘न्यू लेफ्ट रिव्ह्यू’चे पहिले संपादक झाले. पुढे बर्मिंगहॅममध्ये त्यांनी संस्कृती-अभ्यास ही ज्ञानशाखा आकाराला आणली. चित्रपट, जाहिरात, वृत्तपत्रातील मथळा या गोष्टी गंभीर अभ्यासाचा विषय असू शकतात, हे आज कोणाला पटवून द्यावे लागत नाही, आणि त्यात त्यांचा वाटा फार मोठा आहे. मार्गारेट थॅचर पंतप्रधान होण्यापूर्वी काही महिने, जानेवारी १९७९ मध्ये, त्यांनी ‘थॅचरवाद’ या शब्दाचे विश्लेषण मांडले. ब्रिटनला त्याचे स्वतःचे राजकारण समजावून सांगणारा माणूस जमैकाचा होता.

चित्रकलेत मात्र दार सर्वांत जड निघाले. फ्रँक बोलिंग १९५३ साली गयानाहून आले आणि १९६२ साली रॉयल कॉलेज ऑफ आर्टचे रौप्यपदक घेऊन बाहेर पडले. सुवर्णपदक त्यांचे सहाध्यायी डेव्हिड हॉकनी यांना मिळाले. हॉकनी लगेच प्रसिद्ध झाले. बोलिंग यांच्याकडून ‘कॅरिबियन’ चित्रांची अपेक्षा केली जाऊ लागली, आणि त्यांना तर रंगाचीच चित्रे काढायची होती. १९६६ साली ते न्यूयॉर्कला निघून गेले. रॉयल अकॅडमीने त्यांना सदस्य केले ते २००५ साली, आणि टेट ब्रिटनमध्ये त्यांचे समग्र प्रदर्शन भरले २०१९ साली, म्हणजे वयाच्या ८५ व्या वर्षी. सेल्वन १९७८ साली कॅनडाला गेले, ब्रॅथवेट त्याआधीच जमैकाला परतले होते. लंडनने या लोकांना घडवले असे म्हणताना, लंडन सोडून गेलेल्यांचीही मोजदाद करावी.

अनुबंध

दक्षिणायन यांच्या शेवटच्या मुद्द्याशी सहमत आहे. मेघमल्हार यांची तक्रारही मान्य करतो, फक्त त्यांच्या भाषेविषयीच्या मुद्द्याला एक जोड देतो, कारण तेथे रस्ता आणि पुस्तक एकत्र येतात. सेल्वन यांनी ‘द लोनली लंडनर्स’ आधी प्रमाण इंग्रजीत लिहायला घेतली होती आणि ती पुढे सरकेना. संवाद बोलीत आणि निवेदन प्रमाण भाषेत, ही तोवरची रूढ पद्धत होती. त्यांनी निवेदकालाही पात्रांचीच भाषा दिली तेव्हा कादंबरी झरझर लिहून झाली. ती भाषा त्रिनिदादच्या कोणत्याही गल्लीतली हुबेहूब भाषा नाही, वेगवेगळ्या बेटांच्या बोलींतून त्यांनी लंडनसाठी घडवलेली ती भाषा आहे. उन्हाळ्याचे वर्णन करणारा, विरामचिन्हांशिवाय अनेक पाने चालणारा त्यातला भाग मोठ्याने वाचून पाहावा. १९७० च्या दशकात होरेस ओवे यांच्या ‘प्रेशर’ या चित्रपटाची पटकथा लिहिण्यातही सेल्वन यांचा सहभाग होता. कृष्णवर्णीय दिग्दर्शकाचा तो ब्रिटनमधला पहिला पूर्ण लांबीचा कथापट.

शब्दयात्री, तुम्ही जेम्स यांच्यापासून सुरुवात केली होती, म्हणून त्यांच्याविषयी एक गोष्ट. आयुष्याची शेवटची वर्षे ते ब्रिक्स्टनच्या रेल्टन रोडवर, ‘रेस टुडे’ या नियतकालिकाच्या कार्यालयाच्या वरच्या खोलीत राहत होते. खाली डार्कस हाऊ, जॉन्सन आणि इतर तरुण मंडळी अंक काढत, वाद घालत, आणि जिना चढून वर जात. वर पुस्तकांच्या ढिगात पलंगावर बसलेले जेम्स दूरचित्रवाणीवर क्रिकेट पाहत असत, आणि येणाऱ्यांशी शेक्सपिअर, हैती आणि त्या दिवशीचा सामना यांविषयी बोलत असत. १९८९ च्या मे महिन्यात त्याच पत्त्यावर त्यांचे निधन झाले.

तळटीप

‘प्रेशर’ १९७६ साली प्रदर्शित झाला, पण त्याआधीच तो तयार होता. त्यातील पोलिसी अत्याचाराच्या दृश्यांमुळे ज्या संस्थेने पैसे पुरवले होते तिनेच तो काही काळ अडकवून ठेवला. दक्षिणायन यांच्या दाराच्या उपमेत हेही बसते.